आरोपी सुटला, आता अपील : निकालपत्र कसं वाचायचं आणि कुठे जायचं

निर्दोष सुटकेचा निकाल लागला की कोर्टाच्या आवारात फिर्यादीकडची मंडळी मला गाठतात आणि विचारतात, "ताई, तो ते सुटी गया ना. आते काय करानं?" अमळनेर असो, पारोळा असो की चोपडा, प्रश्न हाच. विचारणाऱ्याने उत्तरही मनाशी ठरवलेलं असतं : वर जाऊ, वरचा साहेब सगळं नव्याने ऐकेल आणि न्याय देईल.

आपल्याकडे शेताची मोजणी पटली नाही तर निमताना मोजणी मागतात. वरचा अधिकारी येतो, नव्याने मोजतो, आणि त्याची खूण वेगळी पडली तर पहिली खूण जाते. सुटकेवरच्या अपिलाकडे लोक याच नजरेने बघतात, आणि तिथेच गाडं अडतं. वरचं कोर्ट सगळा पुरावा पुन्हा वाचू शकतं, त्याला कोणी अडवत नाही. पण त्याचं मत वेगळं पडलं एवढ्यावर सुटका रद्द होत नाही. खालच्या न्यायाधीशाने काढलेला निष्कर्ष या पुराव्यावर कोणत्याही शहाण्या माणसाला काढताच आला नसता, इथपर्यंत तुम्हाला पोचावं लागतं. ते कसं करायचं ते सांगते. मी दोन्ही बाजूंनी वकीलपत्रं घेतली आहेत, त्यामुळे शेवटी सुटलेल्या माणसासाठीही थोडं लिहिलं आहे.

आधी नक्कल

निकालाच्या दिवशी रडारड, शिवीगाळ, पत्रकार, जे व्हायचं ते होऊ दे. एका माणसाला मात्र नक्कल विभागात पाठवा. सरकारी खटल्यात फिर्यादी हा पक्षकार नसतो, त्यामुळे "तुम्हाला नक्कल मिळणार नाही" असं सांगणारा कोणीतरी हमखास भेटतो. ऐकू नका. निकालाची झळ बसलेल्या कोणालाही अर्ज करून, फी भरून नक्कल मागता येते. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेत हे कलम ३६३ मध्ये होतं, १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत कलम ४०४ मध्ये आहे. ई-कोर्ट्स ॲपवर सीएनआर क्रमांक (प्रत्येक खटल्याला मिळणारा ओळख क्रमांक) टाकून निकाल वाचायला मिळतो, तो लगेच वाचा. अपिलाला मात्र शिक्क्याची प्रमाणित प्रतच लागते.

नुसतं निकालपत्र घेऊन थांबू नका. सगळ्या साक्षीदारांचे जबाब, म्हणजे सरतपास आणि उलटतपास दोन्ही, पंचनामे, शवविच्छेदनाचा किंवा जखमांचा दाखला, रासायनिक पृथक्करणाचा अहवाल, आरोपीचा ३१३ चा जबाब, म्हणजे न्यायाधीशांच्या प्रश्नांना त्याने दिलेली उत्तरं (नव्या संहितेत ३५१), आणि रोजनामा, म्हणजे कोर्टातल्या रोजच्या कामाची नोंद, हे सगळं त्याच अर्जात मागा. नक्कल मिळायला लागलेला आवश्यक काळ अपिलाच्या मुदतीतून वजा होतो, पण तो अर्ज केल्यापासूनचा. अर्जच महिन्याने केलात तर तो महिना तुमचा गेला.

निकालपत्राच्या शेवटच्या पानावरचा आदेश नीट वाचा. बहुतेक वेळा एक ओळ असते की मुद्देमाल निरुपयोगी असल्याने अपिलाची मुदत संपल्यावर नष्ट करावा. रक्ताचे कपडे, काठी, कोयता हे सगळं त्या एका ओळीवर अवलंबून असतं. अपील करायचं ठरलं की त्याच कोर्टात आणि सरकारी वकिलांकडे लेखी कळवा की अपील होत आहे, मुद्देमाल जपून ठेवावा. पोच घ्या.

कोणाचं अपील, कुठे

सत्र न्यायालयाच्या निकालावर सरकारला अपील करायचं असेल तर जिल्ह्याचे सरकारी वकील अभिप्राय देतात, प्रस्ताव विधी व न्याय विभागाकडे जातो, आणि मंजुरी आली की उच्च न्यायालयात अपील दाखल होतं. मुदत निकालापासून ९० दिवस. सरकारला आधी उच्च न्यायालयाची परवानगी लागते. परवानगीच्या टप्प्यावर फक्त एवढंच पाहायचं असतं की विचार करण्याजोगा मुद्दा आहे का. शेवटी सुटका रद्द होईल की नाही हे तिथे ठरवायचं नसतं. महाराष्ट्र सरकारच्याच एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००८ साली हे स्पष्ट केलं आहे.

पण सरकारची वाट बघत बसायचं कारण नाही. ३१ डिसेंबर २००९ पासून पीडित व्यक्तीला स्वतःचा अपिलाचा हक्क आहे. जुन्या संहितेचं कलम ३७२ चं परंतुक, नव्या संहितेचं ४१३. पीडित म्हणजे फक्त मार खाल्लेला माणूस नव्हे. पालक येतात, वारस येतात. खून झालेल्याची बायको, आई, मुलगा अपील करू शकतात. आणि पीडिताला परवानगी काढावी लागत नाही, हे २०१८ च्या मल्लिकार्जुन कोडगली निकालाने पक्कं झालं. निर्दोष सुटका, कमी गुन्ह्यात दोषी ठरवणं किंवा अपुरी भरपाई, या तीन कारणांसाठी हा हक्क आहे. दोषी ठरवलं पण शिक्षा कमी वाटते, यासाठी नाही. ते अपील सरकारचं.

जायचं कुठे? साधा हिशेब : आरोपीला शिक्षा झाली असती तर त्याने जिथे अपील केलं असतं, तिथेच तुम्ही जायचं. अमळनेरच्या प्रथमवर्ग न्यायदंडाधिकाऱ्यांनी ४९८-अ मध्ये सोडलं तर सत्र न्यायालयात. सत्र न्यायालयाने खुनाच्या खटल्यात सोडलं तर उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठात. जळगाव, धुळे, नंदुरबार हे तिन्ही जिल्हे त्याच खंडपीठाखाली. शहराचं नाव छत्रपती संभाजीनगर झालं तरी लोक अजून "औरंगाबादले जानं शे" असंच म्हणतात. ॲट्रॉसिटीच्या विशेष न्यायालयाचा निकाल असेल तर त्या कायद्याच्या कलम १४-अ प्रमाणे थेट उच्च न्यायालयात, मुदत ९० दिवस.

पीडिताच्या अपिलाला संहितेत स्वतंत्र मुदत लिहिलेली नाही. यावर वकील लोक तासन्‌तास वाद घालू शकतात. मी वादात पडत नाही. दंडाधिकाऱ्यांचा निकाल असेल तर ३० दिवस आणि सत्र न्यायालयाचा असेल तर ६० दिवस, म्हणजे शिक्षेवरच्या अपिलाला जेवढे असतात तेवढेच, हातात आहेत असं धरते आणि त्याच्या आत दाखल करते. उशीर झालाच तर विलंब माफीचा अर्ज लागतो आणि त्यात कारणं सांगताना नाकी नऊ येतात.

चेक बाउन्सवाल्यांसाठी थोडंसं. पूर्वी १३८ च्या खटल्यात आरोपी सुटला की तक्रारदाराला विशेष परवानगीसाठी थेट उच्च न्यायालय गाठावं लागायचं. कापसाच्या पन्नास हजारांच्या चेकसाठी कन्नडचा घाट चढायचा! २०२५ च्या सेलेस्टियम फायनान्शियल निकालात सर्वोच्च न्यायालयाने असा तक्रारदारही पीडितच आहे असं म्हटलं, त्यामुळे जिल्ह्यातच सत्र न्यायालयात अपिलाचा रस्ता खुला झाला. दाखल करताना वकिलाला त्यानंतरचे निकालही बघायला सांगा.

अपिलाऐवजी रिव्हिजन करू, स्वस्तात होईल, असा सल्ला कोणी दिला तर सावध व्हा. रिव्हिजनमध्ये उच्च न्यायालयाला सुटकेचं रूपांतर शिक्षेत करता येत नाही, हे कलमातच लिहिलं आहे (जुनं ४०१, नवं ४४२). फार तर फेरसुनावणीचा आदेश होतो, तोही क्वचित.

निकालपत्र वाचायची रीत

खरं काम इथे आहे, आणि लोक नेमकं इथेच घाई करतात.

वहीचं पान मधोमध दुमडा. डावीकडे न्यायाधीशांनी सुटकेसाठी दिलेलं एकेक कारण, परिच्छेद क्रमांकासह. उजवीकडे त्या कारणाशी संबंधित पुरावा, निशाणी क्रमांक (कोर्टाने त्या कागदाला दिलेला क्रमांक) आणि पान. मग प्रत्येक ओळीपुढे चारपैकी एक शेरा मारायचा : 'वाचलं नाही', 'उलट वाचलं', 'कायदा चुकला' किंवा 'मला पटत नाही'. चौथा शेरा मारलेल्या ओळी अपिलात घालायच्या नाहीत. फिर्यादीला त्या ओळी सगळ्यात जिव्हाळ्याच्या वाटतात, पण त्यांनीच अपील पातळ होतं.

समजा, बोरी नदीकाठच्या एका गावात बांधाच्या जुन्या वादातून सायंकाळी साडेसातच्या सुमाराला खळ्यावर मारामारी झाली. एक जण मेला, त्याचा पुतण्या जखमी झाला. सत्र न्यायालयाने चार कारणं देऊन आरोपींना सोडलं.

पहिलं कारण, अंधार होता, त्यामुळे ओळख पटणं शंकास्पद. आता घटनास्थळाचा पंचनामा काढा, समजा निशाणी १९. त्यात लिहिलंय की खळ्याला लागून विजेचा खांब आहे आणि त्यावर दिवा आहे. पंचाने जबाबात सांगितलं की दिवा चालू असतो, आणि उलटतपासात त्याला कोणी हातही लावला नाही. निकालपत्रात निशाणी १९ चा उल्लेख आहे, पण फक्त रक्ताच्या मातीपुरता. शेरा : वाचलं नाही. हा तुमचा सगळ्यात भक्कम मुद्दा, तो अपिलात पहिला.

दुसरं कारण, पुतण्या नातेवाईक आहे म्हणून त्याच्यावर विश्वास नाही. इथे शेरा, कायदा चुकला. नातेवाईक म्हणजे आपोआप खोटा साक्षीदार, असं कायदा म्हणत नाही. १९५३ च्या दलीपसिंग निकालात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलंय की जवळचा नातेवाईक खऱ्या गुन्हेगाराला सोडून भलत्याला गोवण्याची शक्यता सहसा कमीच. वर हा पुतण्या स्वतः जखमी. जखमी साक्षीदार तिथे हजर होता हे त्याच्या जखमाच सांगतात, आणि त्याची साक्ष बाजूला सारायला ठोस कारण लागतं.

तिसरं, कुऱ्हाड जप्तीचे दोन्ही पंच फितूर झाले म्हणून जप्ती सिद्ध नाही. आपल्याकडे पंच फितूर होणं नवीन नाही. एकाच गावात राहायचं असतं, एकाच विकास सोसायटीत कर्ज काढायचं असतं. पण पंच फितूर झाले एवढ्यावरून जप्ती पडत नाही. तपास अधिकाऱ्याची साक्ष विश्वासार्ह आहे का, हे तपासावंच लागतं. निकालपत्रात ते तपासलंय का? नसेल तर पुन्हा कायदा चुकला.

चौथं कारण अवघड. पुतण्या म्हणतो कुऱ्हाडीचे घाव घातले. डॉक्टरांचा दाखला म्हणतो जखमा बोथट हत्याराच्या. न्यायाधीशांनी मानलं की पुतण्याने प्रत्यक्ष पाहिलेलं दिसत नाही. फिर्यादी मला तावातावाने सांगतो, "ताई, कुऱ्हाडनी मांगली बाजूघाई मारं व्हतं!" असेल तसं. पण ते रेकॉर्डवर आहे का? डॉक्टरांच्या जबाबात शोधा. कुऱ्हाडीच्या मागच्या बाजूने अशी जखम होऊ शकते का, हा प्रश्न सरकारी वकिलांनी विचारलाय आणि डॉक्टर हो म्हणालेत, तर उत्तम : न्यायाधीशांनी ते वाचलं नाही. पुतण्याच्या पहिल्या जबाबातच मागची बाजू आली असेल तर त्याहून उत्तम. पण प्रश्न कोणी विचारलाच नसेल, तर न्यायाधीशांची शंका ही 'शक्य' शंका ठरते. तिथे अपिलाचा कणा मोडू शकतो, आणि हे पक्षकाराला दाखल करण्याआधी सांगायचं असतं, नंतर नाही.

"मग वरच्या कोर्टात डॉक्टरला बोलावू" असं लोक म्हणतात. अपिलात जादा पुरावा घ्यायची तरतूद आहे (जुनं ३९१, नवं ४३२), पण ती खटल्यातली भोकं बुजवायला सहसा वापरू देत नाहीत.

वरचं कोर्ट कोणत्या मापाने मोजतं

हे माप फार जुनं आहे. १९३४ साली प्रिव्ही कौन्सिलने शिवस्वरूप खटल्यात सांगितलं की अपिलाच्या कोर्टाला सगळा पुरावा तपासायचा पूर्ण अधिकार आहे, पण साक्षीदार डोळ्यांसमोर पाहिलेल्या न्यायाधीशाच्या मताला वजन द्यायचं, आणि आरोपी निर्दोष असल्याचं गृहीतक सुटकेने कमी होत नाही. मधल्या काळात 'ठोस आणि सबळ कारणं' असल्याशिवाय हात घालू नये अशी भाषा रूढ झाली. २००७ च्या चंद्रप्पा निकालाने सांगितलं की असे शब्द म्हणजे भाषेचे अलंकार, त्यांनी अधिकार कमी होत नाही. पण त्याच निकालात हेही आहे की सुटकेमुळे निर्दोषत्वाचं गृहीतक दुप्पट पक्कं होतं, आणि दोन वाजवी मतं शक्य असतील तर सुटकेला धक्का लावायचा नाही. २०२३ च्या एच. डी. सुंदरा निकालात न्या. अभय ओक यांच्या पीठाने हेच आणखी रोखठोक मांडलं : पुराव्यावरून आरोपी दोषी आहे हा एकच निष्कर्ष निघत असेल, दुसरा निघूच शकत नसेल, तेव्हाच सुटका उलटवायची. आज खंडपीठात तुमच्या वकिलाला याच वाक्याशी झुंजायचं असतं.

याची दुसरी बाजू सांगणारा निकाल आपल्या महाराष्ट्रातलाच आहे. १९७३ च्या शिवाजी साहेबराव बोबडे खटल्यात न्या. कृष्णा अय्यर यांनी बजावलं की संशयाच्या फायद्याचं इतकं स्तोम माजवू नका की प्रत्येक बारीकसारीक शंकेने गुन्हेगार सुटेल. त्याच निकालात 'दोषी असू शकतो' आणि 'दोषी असलाच पाहिजे' यांतलं अंतरही आहे. त्यामुळे दोन्ही बाजूंचे वकील हाच निकाल दाखवतात. खंडपीठात दाखवताना मी परिच्छेद क्रमांक काढूनच ठेवते.

उच्च न्यायालयाने सुटका उलटवली म्हणजे विषय संपला असंही नाही. चंद्रपूरकडच्या पोलीस कोठडीतल्या अत्याचाराच्या खटल्यात सत्र न्यायालयाने पोलिसांना सोडलं, नागपूर खंडपीठाने दोषी ठरवलं, आणि १९७८ साली सर्वोच्च न्यायालयाने ते पुन्हा सोडले. त्या निकालावर देशभर काहूर उठलं आणि १९८३ मध्ये कायदा बदलला. तो निकाल मला आजही पटत नाही. पण त्याने हे दाखवलं की 'शक्य मत' कशाला म्हणायचं यावरच सगळं ठरतं, आणि ते ठरवणारी माणसंच असतात.

तुम्ही सुटला असाल तर

सुटल्यावर पेढे वाटा, पण जामीन रोख्याची प्रत फाडू नका. खटला संपताना आरोपीकडून जामीनदारासह रोखा घेतात की वरच्या कोर्टाची नोटीस आली तर हजर राहीन. तो ६ महिने चालू असतो (जुनं ४३७-अ, नवं ४८१). या काळात जामीनदाराचा सातबारा विकायला निघाला असेल तर त्याला आधी विचारा.

आपल्या भागात खरी अडचण पत्त्याची. सुटलेला पोरगा सुरतला, उधना नाहीतर पांडेसऱ्याला कामाला जातो. धडगाव-अक्कलकुव्याकडची माणसं ऊसतोडीला बाहेर असतात. नोटीस गावच्या घरी येते, घरी म्हातारी, तिला वाटतं जुन्या केसचा कागद, तो पत्र्याच्या पेटीत जातो. मग वॉरंट निघतं. सुटकेवर अपील आल्यावर उच्च न्यायालयाला आरोपीला अटक करून आणायचा आदेश देता येतो, जामिनावरही सोडता येतं (जुनं ३९०, नवं ४३१). म्हणून गावातल्या कोणाला तरी सांगून ठेवा : खंडपीठाचा कागद आला की त्याच दिवशी फोटो काढून पाठव.

उत्तर देताना वहीची तीच रीत उलटी वापरायची. चारपैकी एक कारणही 'शक्य मत' म्हणून उभं राहिलं आणि ते खटल्याच्या मुळाला लागत असेल, तर बाकीची तीन पडली तरी तुमची सुटका टिकू शकते. वरच्या मारामारीत तुमचा वकील निम्मा वेळ डॉक्टरच्या जबाबावर बोलेल. 'संशयाचा फायदा देऊन' सोडलं की 'सन्मानाने' सोडलं, याने अपिलात फरक पडत नाही. पोलीस भरतीत किंवा खातेनिहाय चौकशीत पडू शकतो.

खर्च आणि पुढची पायरी

स्त्री, बालक, अनुसूचित जाती-जमातीची व्यक्ती किंवा कोठडीतला माणूस असेल तर १९८७ च्या विधी सेवा कायद्याखाली मोफत वकील मिळतो, उत्पन्न कितीही असो. बाकीच्यांना उत्पन्नाची मर्यादा आहे. अर्ज जिल्हा न्यायालयाच्या आवारातल्या जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात द्या, किंवा १५१०० वर फोन करा. खंडपीठाच्या प्रकरणासाठी तिथल्या उच्च न्यायालय विधी सेवा उपसमितीकडून वकील नेमला जातो. नेमलेल्या वकिलाला तुमची ती दुमडलेल्या पानाची वही द्या. त्याच्या टेबलावर पुष्कळ फायली असतात, निशाणी क्रमांक तयार मिळाला तर तो तुमची आधी उघडेल. अपील दाखल करून घेतल्यावर अंतिम सुनावणीला वर्षं लागू शकतात, आणि प्रत्येक तारखेला चाळीसगावमार्गे घाट चढायची गरज नसते. ॲपवर तारीख बघत राहा, वकील म्हणेल तेव्हा जा.

उच्च न्यायालयाने सुटका उलटवून फाशी, जन्मठेप किंवा १० वर्षं वा त्याहून जास्त शिक्षा दिली, तर आरोपीला सर्वोच्च न्यायालयात हक्काचं अपील आहे (जुनं ३७९, नवं ४२०). शिक्षा त्याहून कमी असेल, किंवा उच्च न्यायालयानेही सुटका कायम ठेवली आणि पीडिताला पुढे जायचं असेल, तर घटनेच्या कलम १३६ खाली विशेष परवानगीचा अर्ज. त्याची मुदत ९० दिवस, आणि ती परवानगी मिळणं हक्काचं नाही.